परिशिष्ट तीन

न्यायमूर्तींनी पुस्तक उलटं धरलं, मग सरळ केलं.
माझंच पुस्तक. हिरवं कापडी कव्हर,
ग्रंथालयाचा शिक्का, सत्त्याहत्तर साल.
"पान दोनशे चार," सरकारी वकील म्हणाले,
"परिशिष्ट तीन. मध काढायला निघताना म्हणायचं गाणं.
अर्जदार मुलीला ते येत नाही."

वेण्णिला उभी होती.
वेणीत कापसाचा एक तंतू,
तिरुप्पूरच्या बनियन कारखान्यातून
आईच्या अंगावरून रोज घरी येतो तो.
गुण पुरेसे. जागा राखून ठेवलेली.
मुदत आज पाचला संपते.

चौकशी समिती तिच्या घरी गेली होती:
कुलदैवत कोणतं? प्रेत पुरता की जाळता?
कड्यावरून सोडता तो दोर कुठल्या वेलीचा?
ती म्हणाली, आम्ही दुसऱ्या मजल्यावर राहतो.
हेही त्यांनी लिहून घेतलं.
गाण्याचं विचारल्यावर म्हणाली,
आजोबा गात नसत,
मधाला जाताना बोलायचं नाही, एवढंच सांगायचे.
शेरा: जमातीशी नाळ जुळत नाही.

मी काही भोळा नाही.
ह्याच समितीवर अकरा वर्षं बसलोय,
खोटे शिक्के नुसत्या वासावरून ओळखलेत.
एक मात्र सुटला. भातगिरणीवाल्याचा मुलगा,
परिशिष्ट तीन पाठ करून आला, तेही सुरात.
आम्ही माना डोलावल्या.
आता तो भूल देतो,
कोइमतूरच्या मोठ्या इस्पितळात.

एकाहत्तरची थंडी. गुडलूरच्या वरची वस्ती.
टेपरेकॉर्डरच्या बॅटऱ्या मरायला टेकलेल्या
आणि माझ्या प्रबंधात गाण्याचा रकाना रिकामा.
केंचनला रोज विचारायचो, मधाचं गाणं?
तो मान हलवायचा. मधमाश्यांना गाणं कोण ऐकवतं?
चौथ्या दिवशी म्हणाला, उद्या ये.
उद्या त्यानं गायलं. चार ओळी.
झोपडीमागे बाया तोंडावर हात ठेवून उभ्या.
मी वहीत नोंदवलं:
गायनप्रसंगी स्त्रियांमध्ये उल्हास दिसून येतो.

भाषांतर छापलं ते असं:
हे वनमाते, तुझं मधुर दान आम्हांस लाभो.
खरा अर्थ नऊ वर्षांनी कळला, तोवर पदवी मिळून गेली होती:
काटकुळा आलाय डोंगरावर,
कागद खातो, कागद हगतो,
मध घाला रे त्याच्या तोंडात,
चिकटून राहील तोंड.

राहिलंच की.
दुसऱ्या आवृत्तीतही मी ओळ बदलली नाही.

आज उठलो. म्हणालो, महोदय,
ह्या गाण्यात चूक आहे. ते गाणं मुळात नाहीच.
ही मुलगी जे बोलली तेच बरोबर,
आणि ते माझ्या पुस्तकात कुठेच नाही.
वकिलांनी हरकत घेतली:
छापील पुराव्याविरुद्ध खुद्द लेखकाचं तोंडी म्हणणं
कुठल्या कलमाखाली ऐकायचं?
पंखा फिरत होता. न्यायमूर्तींनी तळटीप वाचली,
बॅटऱ्यांच्या बिलाची.
प्रतिज्ञापत्र दाखल करा.
पुढची तारीख सोमवार.

बाहेर बाकावर तिचे वडील
झेरॉक्सचे गठ्ठे पुन्हा क्रमानं लावत होते,
जणू क्रमच चुकला असावा.
मी तिच्यापाशी गेलो. माफी मागायला शब्द जमेना,
म्हणून केंचनच्या चार ओळीच म्हणालो,
माझ्या वाईट उच्चारांत, त्याच्या भाषेत.
अर्थ सांगायला तोंड उघडलं,
त्याआधीच ती हसली.
तोंडावर हात ठेवून.

केंचन तिचा कोण, मला ठाऊक नाही.
चार वाजून दहा मिनिटं झाली होती.