पिवळं बटण

बुधवारी सात वाजता मी शटर अर्धं ओढतो.
अर्धंच. मिखाल उंच आहे, पण वाकायला लाजत नाही.
काउंटरवरून कात्री, मोजपट्टी, उधारीची वही बाजूला होते
आणि तिथे ती पुस्तक ठेवते,
लोकरीच्या ताग्याइतकं जड.

"पहिलं पान कुठाय?" मी पहिल्याच दिवशी विचारलं.
"नसतं, नातालिओ. दोनपासून सुरू होतं."
ब्यूनोस आयर्समध्ये चाळीस वर्षं बटणं विकली मी.
गिऱ्हाईक अर्ध्या वाक्यानिशीच दुकानात शिरतं.
हे तेवढं मला लगेच कळलं.

पुढचं नाही.
मधोमध मजकूर, काउंटरसारखा,
दोन्ही अंगांना बारीक अक्षरांचे कप्पे,
कुठे स्वल्पविराम नाही, कुठे टिंब नाही,
कोण बोललं, कोण चिडलं, कोण नुसतंच खाकरलं,
सगळं एका दमात.
आई वाणसामानाची चिठ्ठी लिहायची तसं.

मग मिखालनं मला एक कार्ड दिलं,
प्लास्टिकमध्ये बंद, लांबट, बोटांना थंड लागणारं.
त्यावर चाळीस शब्द. हे पाठ झाले
की म्हणे निम्मं पान ओळख देतं.
हाखा म्हणजे इथे. हताम म्हणजे तिथे.
"आणि माय म्हणजे काय?"
"काय."
"माय. माय म्हणजे काय?"
"काय!"
ती हसून हसून काउंटरवर आडवी झाली.
मला कळायला पुढचा बुधवार उजाडला.

रंगीत पेन्सिलीही आणल्या होत्या तिनं,
प्रश्नाला पिवळी, हरकतीला लाल, उत्तराला हिरवी.
पण पुस्तक वडिलांचं.
रेघ ओढायला हात धजेना.
रात्री जेवणानंतर ते यावर बसत,
स्वेटरची कोपरं झिजलेली,
अंगठा हवेत वर जाई, वळे, खाली येई,
आणि प्रश्न आला की गुणगुणत.
मला प्रश्नाचा सूर येत होता.
प्रश्न नव्हता येत.
एकदा विचारलं, तर म्हणाले, आधी दुकान शीक.

शिकलो होतो ना दुकान.
ड्रॉवर उघडले.
प्रश्नावर पिवळं, चार भोकांचं.
हरकतीवर लाल, उत्तरावर हिरवं,
दाखला कुठून आणला तिथे हाडाचं पांढरं.
दोन तासांत पान झालं
एखाद्या पसरलेल्या कोटासारखं.
एकच पिवळं उरलं, शेवटच्या ओळीत,
समोर हिरवं नव्हतं.
बटण आहे, काज नाही.
उशीर झाला होता. म्हटलं, राहू दे, उद्या बघू.

गुरुवारी सकाळी दुकान रामोना उघडते.
तिनं पान आवरलं. दोन भोकांची दोनात,
चारांची चारात, पुस्तक झटकून फळीवर.
आणि ते शेवटचं पिवळं विकलं.
कुणी बाई आली होती,
रेनकोटचं तिसरं बटण तुटलेलं, एकच हवं होतं.
मी काय ओरडणार?
"शोभलं का तिला?" एवढंच विचारलं.
"हुबेहूब," रामोना म्हणाली.

मिखालला सांगितलं. वाटलं, रागावेल.
तिनं पानाच्या तळाशी बोट ठेवलं.
तेकू.
उभा राहू दे. सुटला नाही हा प्रश्न,
त्यांनाही नाही सुटला,
तसाच लिहून ठेवला आणि पुढे गेले.
"मग हा शब्द कार्डावर का नाही?"
"आहे. सगळ्यात खाली.
तुम्ही कार्ड धरता ना, तिथेच
अंगठा असतो तुमचा."

आता पाऊस लागला की
मी कोरिएन्तेस रस्त्यावर रेंगाळतो,
बायकांच्या रेनकोटांकडे बघत,
वरून तिसरं.
परवा एकीनं छत्री आवळून धरली
आणि खडसावलं, "काय?"

अगदी बरोबर उच्चार होता.