वर नमूद सर्व नावे

कसबा बावड्याला, कोर्टाच्या भिंतीकडेला
माझं टेबल आहे एकोणतीस वर्षं.
एक पाय आखूड, त्याखाली वाया गेलेल्या स्टॅम्पपेपरची घडी.
ती झिजली की दुसरी.
नावात बदल, वयाची दुरुस्ती, रेशनकार्ड हरवलं,
'वर नमूद सर्व नावे एकाच व्यक्तीची असून' –
हे बोटांना पाठ आहे, डोकं लागत नाही.

मंगळवारी इंगवल्यांचा धैर्यशील आला, उद्यमनगरात फौंड्री असलेला.
सोबत बायको. आपल्यातलीच वाटावी अशी,
आणि तोंड उघडलं की कुठलीच नाही.
पासपोर्टवर केझिया रामखेलावन.
लग्नाच्या दाखल्यावर केझीया इंगवले.
जन्मदाखल्यावर नुसतंच के. रामकेलवान.
देश : त्रिनिदाद आणि टोबॅगो प्रजासत्ताक.
म्हटलं, क्रिकेटमुळं माहीत आहे.
सगळे तेच म्हणतात, ती म्हणाली.

कागद लावेपर्यंत बोलत राहिली,
तिच्या मराठीला धैर्यशील ठिगळं लावत होता.
पणजी सुगिया जहाजानं गेली, करारावर, उसासाठी.
ऊस म्हटल्यावर मी मान वर केली.
तिचं लग्न मांडवात लागलं, अग्नीसमोर,
पण सरकारी वहीत असल्या लग्नाला जागा नव्हती,
म्हणून आजोबांच्या नोंदीत बापाचा रकाना मोकळा.
बाप तेव्हा परड्यात गाय बांधत होता.

आईकडचे वेगळे. पांढरी वस्त्रं, डोक्याला फडकं,
ओठांवर ख्रिस्त, पायांत आफ्रिका, हातात पितळी घंटा.
चौतीस वर्षं बंदीचा कायदा होता त्यांच्यावर.
घंटा वाजली की शिपाई आलाच.
आईची आजी घंटेचा लोलक चिंधीत गुंडाळायची
आणि रानात जाऊन
न वाजणारी घंटा हलवत राहायची.

कोपऱ्यावरच्या मारुतीला कुणीतरी घंटा वाजवली.
रोज वाजते.

'अर्जदाराचा धर्म.'
मोकळं सोडा, ती म्हणाली.
मोकळं चालत नाही बाई, खिडकीतले साहेब त्रुटी काढतात.
मग निरंक टाका, धैर्यशील म्हणाला.
तिनं अर्थ विचारला. त्यानं सांगितला : काही नाही.
"काही नाही कसं? भरलंय. सांडेल इतकं भरलंय."
बाबा दिवाळीला बांबू वाकवून त्यावर पणत्या लावायचे.
आई घंटेवाली.
आणि मोहरमला शेजारच्या नफीसाचाचीच्या ताजियामागं
अख्खी गल्ली ताशा बडवत निघायची.
म्हटलं, तिकडं कुणी विचारत नाही का, तू कोण?
"विचारतात की. निवडणूक आली की फार."

आम्ही शिंपी. वडील मोहरमात फकीर व्हायचे,
माझ्या लहानपणच्या तापाचा नवस.
गळ्यात हिरवा दोरा, दारोदार झोळी.
तालीम एकच. त्यातच पंजे, त्यातच गणपती.
माझ्या शाळेच्या दाखल्यावर यातलं काही नाही.
मागं गावात दगड उडाले, नेट बंद झालं,
तेव्हा पोरगं म्हणालं, आजोबा असलं का करत होते?
मी ताटातली भाकरी मोडत बसलो.

रकान्यात काय टाईप केलं ते अशिलाचं गुपित.
सही कुठल्या नावानं? तिनं विचारलं.
तिन्ही लिहा, एकाखाली एक.
तिनं तिन्ही लिहिली. मग जरा थांबून
चौथं लिहिलं, बाळबोध अक्षरांत, नुकतंच शिकल्यासारखं : सुगिया.
अहो, धैर्यशील म्हणाला, आता हे बाद होणार.
ती खोडायला वाकली.
राहू द्या, म्हटलं, दुसरा कागद आहे माझ्याकडं.

दोघं गेल्यावर तो वाया गेलेला कागद
सवयीनं चौघडी करायला घेतला.
मग ड्रॉवरमध्ये ठेवला, सपाट.
टेबल डुगडुगतंय अजून.
पक्षकार तक्रार करतात.