वंगण

थुर्वा गावात, जिथे दोन चंद्र
एकमेकांना टाळून उगवतात,
कुलुपं करणाऱ्याची मुलगी होती येस्मिरा.
तिने हिमनदीच्या पोटात नळी घातली,
पान्हा फिरवला,
आणि सात पिढ्या कोरड्या राहिलेल्या दगडाला
पान्हा फुटला.

लोक भांडी घेऊन आले.
मग भांडी बाजूला ठेवून त्यांनी गुडघे टेकले.

ती म्हणाली, अहो, पंप आहे हा.
ते म्हणाले, पंपदेव.
भिंती उभ्या राहिल्या, घुमट चढला,
तिच्या डागाळलेल्या एप्रनचं सोवळं झालं,
आणि चाकाची कुरकुर,
जिच्यापायी तिचा डोळ्याला डोळा लागत नसे,
तीच पहाटेची प्रार्थना झाली.
मुलं पाठ करायची: किर्र-ऊं, किर्र.

मी तिचा कंदीलवाला, इत्झो.
सत्तरी ओलांडल्यावर एका रात्री तिने मला हलवून उठवलं.
गाभाऱ्यात गेलो.
बाहीतून तेलाची बुधली काढली तिने,
थरथरत्या बोटांनी सोडले दोन थेंब.
चाक गप्प. पाणी तेवढं बोलत राहिलं.
ती तिथेच फरशीवर बसली, कान देऊन, कितीतरी वेळ.
इतकी सुखात मी तिला कधी पाहिली नव्हती.

सकाळी गाव रडत आलं:
देवाने अबोला धरला!
तिने एकदा माझ्याकडे पाहिलं,
सगळ्यांकडे पाठ करून वाकली,
आणि एक स्क्रू अर्धा फेरा सैल केला.

किर्र.

त्या दिवशीचं प्रवचन मला आठवत नाही.
तिच्या नखाखालचं तेल आठवतं.