समासात

लाखांदूरच्या स्टँडवर माझं रेडिओ दुरुस्तीचं दुकान होतं,
तेव्हा लांजेवार सर पालांदूरहून यायचे
सायकलच्या कॅरिअरला संच बांधून.
"शॉर्टवेव्ह घसरून राहिली, मोरेश्वर.
पहाटे नुसती खरखर."
नोव्हेंबरात गाव अंधारातच धान कापायला उठे,
सर उठत अमेरिकेची मतमोजणी ऐकायला.

दयाराम लांजेवार, इतिहास विभाग.
विभाग म्हणजे एक टेबल, दोन कपाटं,
एकाची किल्ली शिपायानं हरवलेली.
तिथं बसून हा माणूस बावीस वर्षं
एकाच रात्रीच्या मागे लागला:
साठ सालची ती चर्चा, दोन उमेदवार, एकाला फुटलेला घाम.
पुस्तकं म्हणत,
रेडिओवाल्यांना एक जिंकला वाटला, टीव्हीवाल्यांना दुसरा.
सर म्हणत, "मोजलं कोणी? विचारलं कितींना?
एकानं लिहिलं, त्यावरून दुसऱ्यानं,
झाली दगडावरची रेघ."

समुद्रामार्गे पाकिटं येत, चार-चार महिन्यांनी.
तिकिटं पोस्टमन गजभियेचा पोरगा काढून घेई,
झेरॉक्स सरांच्या.
शेवटी निबंध छापून आला, प्रती दोन.
एक उधईनं वाचली.

एकदा मंडईच्या रात्री दंडार होती.
मी पडद्यामागं भोंग्याची वायर धरून.
उजाडता उजाडता सर वही घेऊन हजर:
"नुसता ऐकून राजा कसा वाटला तुले?"
"दमदार, सर. अंगावर काटा."
समोरच्या बायांना ते आधीच विचारून आले होते.
राजाची अर्धी मिशी सुटून लोंबत होती म्हणे,
हसून हसून पोट दुखलं त्यांचं.
वहीत लिहिलं: समोर सतरा, पडद्यामागं एक.
थांबले. खाली पुन्हा लिहिलं:
एकावरून काही सिद्ध होत नाही.

निवृत्तीच्या दिवशी पेपरात आलं,
'अमेरिका गाजवून परतलेले थोर इतिहासकार'.
सरांचा पासपोर्टसुद्धा नव्हता.
उन्हातान्हात सायकल मारत वार्ताहराकडे गेले,
"दुरुस्ती छापा."
तो म्हणाला, "काहून सर? बातमी झक्कास झाली ना बाप्पा!"
कात्रण त्यांनी वहीत चिकटवलं,
समासात लाल शाईनं एकच शब्द: स्रोत?

परवा चौकात फ्लेक्स लागला.
फोटोत सर, मागं मशाल धरलेली हिरवी बाई,
सरांच्या खांद्यावर तिची सावलीसुद्धा नीट पाडलेली.
शोकसभेत माजी सरपंच बोलले,
नागपूरला विमानात मीच बसवून दिलं होतं.
टाळ्या पडल्या, शोकसभेत.

मी सरांच्या पुतण्याला बाजूला घेतलं,
म्हटलं, बाबू, ते कधीच गेले नव्हते.
तो म्हणाला, "काहीतरीच काका. फोटो हाय ना."

आता खरं सांगणारा मी एकटाच उरलो.
आणि एकावरून, सर,