एक्केचाळिसावी चाल

दारेजानबाईंचं घर कुटाइसीत, चौथ्या मजल्यावर.
लिफ्टला नाणं लागतं, आणि नाणं टाकूनही ती
तिसऱ्यावरच थांबते.
उरलेला जिना मी पावाची पिशवी घेऊन चढतो,
दर गुरुवारी, भट्टी विझवल्यावर.

बाई कोण, हे सगळ्या गावाला ठाऊक.
बाजारातली अक्रोडवाली त्यांच्याकडून पैसे घेत नाही.
शाळेच्या भिंतीवर त्यांचा फोटो आहे:
आखूड केस, जाड लोकरी स्वेटर, गळ्यात पदक,
आणि चेहरा असा, की कुणी चुकून
दुसऱ्याचंच पार्सल हातात दिलंय.
तो चेहरा मला वीस वर्षं कळला नाही.

मी त्यांचा फसलेला विद्यार्थी.
सुरुवात छान, मधला डाव बरा, शेवटाला हात थरथरायचा.
"तुझ्या बोटांना तुझ्याआधी भीती वाटते," म्हणायच्या.
आणि चुकून सोंगटीला बोट लागलं, की पट्टी.
हात लावला म्हणजे चाल. दया नाही, माया नाही.
मी पाव भाजायला लागलो.
पीठ निदान परत मळता येतं.

गेल्या हिवाळ्यात एकदा वीज गेली.
मेणबत्ती लावून बाईंनी साखरेच्या डब्यामागून
एक पाकीट काढलं. पिवळं पडलेलं, लाख न फुटलेली.
विल्नियस, त्र्याहत्तर साल, शेवटची फेरी,
समोर रीगाची आउस्मा.
चाळीस चालींनंतर डाव तहकूब झाला.
एक्केचाळिसावी बाईंनी कागदावर लिहून दिली
आणि पंचांनी पाकीट तिजोरीत ठेवलं.

"रात्री दोन वाजता," बाई म्हणाल्या,
"हॉटेलच्या न्हाणीघरात, टबाच्या काठावर छोटा पट मांडून
मला दिसलं, मी काय लिहून बसलेय ते.
राजा एक घर मागे.
राजा मागे गेला की डाव गेला.
खोलीतली सोबतीण जागी होऊ नये
म्हणून नळ सोडून रडले."

सकाळी नाश्त्याला आउस्मा स्वतः उठून टेबलापाशी आली.
डोळे लाल. हात पुढे.
"रात्रभर पाहिलं. तुमचा हत्ती प्याद्यामागे गेला
की माझ्याकडे काही उरत नाही.
तुम्ही तेच लिहिलं असणार."

हत्ती प्याद्यामागे.
बाईंना ती चाल तोवर दिसलीच नव्हती.

त्यांनी तो हात हातात घेतला.
दुसऱ्या हातात अर्धं सोललेलं अंडं होतं, एवढं नक्की आठवतं.
मग पदक, फोटो, हा दोन खोल्यांचा फ्लॅट,
आणि दर नववर्षाला रीगाहून एक कार्ड:
बर्फ, देवदार, खाली बारीक अक्षरात
"तुमचा हत्ती अजून स्वप्नात येतो."
बाई उलट टपाली उत्तर द्यायच्या. हवामान लिहायच्या.

झाकली मूठ सव्वा लाखाची, म्हणतात.
झाकून झाकून बोटं आखडतात, ते कुणी म्हणत नाही.

कार्ड यायचं थांबलं, त्याला सहा वर्षं झाली.
आता दर गुरुवारी पटावर तोच डाव लागतो.
बाई पांढऱ्या. पाकिटातलीच चाल खेळतात,
राजा एक घर मागे,
आणि तिथून सुटायची वाट शोधत बसतात.
मी आउस्मा.

परवा माझी बोटं पुन्हा माझ्याआधी घाबरली.
शह द्यायच्या मोहात मी हत्ती भलत्याच ओळीत नेला.
क्षणात पट फिरला. बाईंचं प्यादं मोकळं,
पुढे चार रिकामी घरं, आणि वजीर.
पन्नास वर्षांनी त्या जिंकत होत्या.

त्यांनी चष्मा काढला. पुसला.
पट्टी अजून खिडकीत असते; तिकडे एकदा पाहिलं.
"आउस्मा असं खेळत नाही," म्हणाल्या.
"परत घे."