बोर्डाचं कूळ

गुरुवारच्या बाजारात, एल आल्तोला,
निळ्या ताडपत्रीवर पडला होता तो,
एका बाजूला गंजके नळ, दुसरीकडे बाहुलीचा सुटा हात.
नाव ना गाव.
विकणारी म्हणाली, चालतो.
मग म्हणाली, चालत असेल.
चाळीस बोलिव्हियानो. पस्तिसाला दिला.

नेमेसिया मावशीचं विणयंत्र तीन आठवडे मुकं.
त्याच्या कार्डाला तो लांब काळा स्लॉटच लागतो,
नव्या कुठल्या बोर्डावर दिसत नाही.
ह्याच्यावर दोन आहेत. म्हणून घेतला.

टूथब्रशने घासला. स्लॉटांच्या मधे पांढरी अक्षरं उगवली:
आवृत्ती एक पूर्णांक दोन.
वय सांगितलं, आडनाव गिळलं.

नदीचं मूळ विचारू नये म्हणतात.
बोर्डाचं विचारावं लागतं.
कुठल्या दोन पिनांना टोपी घातली की किती व्होल्ट
त्याचं कोष्टक कडेला छापलेलं, अर्धं खरवडलेलं.
चुकलं तर एक वास येतो
आणि पस्तीस बोलिव्हियानो गेले.
सगळ्यात लहान आकड्यावर ठेवलं मी.

कपॅसिटरांची डोकी बोटाने चाचपली. सपाट.
एक जरासं फुगीर, तिकडे काणाडोळा.
मेमरीच्या पट्ट्या जोडीनेच, तिरप्या घालून उभ्या केल्या.
वीजेचे दोन प्लग: काळ्या तारा मधोमध, एकमेकींना खेटून,
थंडीत बसस्टॉपवर बसल्यासारख्या.

एक लांब बीप, दोन आखूड.
ग्राफिक्स कार्ड नीट बसलं नव्हतं. काढून पुन्हा दाबलं.
पडदा उजळला, तळाशी आकड्यांची एक ओळ आली
आणि वाचायच्या आत गेली.
पुन्हा चालू. पुन्हा गेली.
तिसऱ्यांदा पॉझ दाबलं तेव्हा थांबली.
मावशीच्या लोकरीच्या हिशेबवहीत
उधारीच्या खाली उतरवून घेतली,
शेवटची अक्षरं दोनदा, कारण कंपनी तिथेच लपते.

मावशी सूपचं भांडं घेऊन आली. काय वाचतोयस?
कुठला आहे ते.
ती हसली. तिला दीडशे जातींचे बटाटे
अंधारात, नुसत्या डोळ्यांवरून ओळखता येतात,
त्यांच्या अंगावर कोण काय छापतं?

मग पडद्याकडे बघत राहिली, जरा जास्तच वेळ.
सोड आता त्याला, म्हणाली. जाऊ दे पुढे.

स्पेसबार दाबला.
बॅटरी मेली आहे, एवढंच बोलला तो.