भाता

पेटीच्या पोटाशी मी बसायचो.
वय नऊ, दवाखान्यातल्या कंपाउंडरचं पोरगं.
दोन पायट्या हातांनी आळीपाळीनं दाबायच्या,
एवढंच काम. रविवारी उपासनेआधी अर्धा तास,
एप्रिलात टिनं तापून तडतडायची, तरी.

वर शांतवन सोनोने.
त्याच्या पावलांना जमीन कळत नव्हती
म्हणून भाता माझ्याकडे.
उजव्या हाताला तीन बोटं, डाव्याला चार.
बाकीची रोगानं नेली. हप्त्याहप्त्यानं, तो म्हणायचा.

"दम नोको सोडू बे पोट्ट्या,
बुढा मधातच मरते."

बुढा म्हणजे वहीतला.
त्याची गोष्ट मला ड्रेसिंगच्या वेळी मिळायची, तुकड्यांनी:
थोरल्या भावानं कपाटात कोंडलेली सुरांची वही
जाळीतून हात घालून काढायचा,
चांदण्यात उतरवून घ्यायचा.
वीस लेकरं. निम्मी पुरली.
मालकाशी भांडून महिनाभर तुरुंगातही बसला.
शेवटी डोळे गेले.
"आन् डाक्टरनंच घालवले,"
असं म्हणून सोनोने आमच्या डॉक्टरीणबाईकडे बघे.

मग वाजवायचा.
रात्री एका मचाणावरून रोह्यांना हाक जाते,
तीच हाक नाल्यापल्याडचा उचलतो, जरा वरून,
तोवर तिसरा जागा होतो,
पहिला अजून थांबलेला नसतो.
तसं.

चार हाका, सात बोटं.
जिथं बोट नव्हतं तिथं भोक पडायचं
आणि मी खालून जोर लावायचो,
निदान वारा तरी जावा त्यातून.

शेवटच्या पानावर वही संपते,
सूर संपत नाही.
सोनोने हात उचलायचा.
भात्यात हवा उरलेली असायची,
रुईच्या ढिगावर कुणी सावकाश बसावं
तशी निघून जायची.
आम्ही दोघं ती ऐकायचो.

पुढं वहीला वाळवी लागली. पेटीची फळी उन्हानं उकलली.
सोनोने गेला तेव्हा मी अमरावतीत
तलाठ्याचा पेपर देत होतो.

काल मुलीच्या मोबाईलवर तोच तुकडा सापडला.
दहा बोटं, दगडी कमानी, एकही सूर गळालेला नाही.
मी म्हटलं, चुकतोय हा माणूस.
ती हसली.

मग तो थांबला. मधेच, तिथंच.
तिनं मोबाईल उलटा ठेवला, पाण्याची मोटर लावायला गेली.
माझे हात गुडघ्यांवर
खाली-वर, खाली-वर.
हवा अजून होती.